हालिनाबाईंचा ऑक्टोबर

हॉस्पिटलच्या मागच्या गेटपाशी हॉर्स चेस्टनटची दोन जुनी झाडं आहेत. ऑक्टोबर लागला की त्यांची काटेरी बोंडं फुटपाथवर आपटून फुटतात आणि आतून तपकिरी, तेल लावल्यासारखी चकचकीत फळं बाहेर पडतात. इथली मुलं त्यांना कॉन्कर्स म्हणतात. खायच्या कामाची नाहीत, कसल्याच कामाची नाहीत. तरी मी दरवर्षी दोन-तीन उचलून कोटाच्या खिशात टाकते, आणि मार्चमध्ये कोट धुवायला काढला की ती सुरकुतलेली सापडतात. परवा सोमवारी कामावर जाताना या वर्षीचं पहिलं फळ उचललं, हाताला त्याचा गारवा लागला, आणि तीन वर्षांपूर्वीचा ऑक्टोबर सगळाच्या सगळा अंगावर आला. ओल्या कोटांचा वास, जुन्या कारखान्याच्या उंच खिडक्या, बरणीतल्या काकड्यांचं आंबट पाणी, आणि खोलीच्या मध्यभागी उभं राहून लोकांच्या नकारावर खूश होणाऱ्या हालिनाबाई.

ऑक्टोबरशी माझी ओळख तशी जुनी. वाशीमजवळच्या आमच्या गावात ऑक्टोबर म्हणजे घामाच्या धारा, सहामाही परीक्षा, वेचणीला आलेली कपाशी, आणि दसऱ्याला येणारा धम्मचक्राचा दिवस. त्या दिवशी बाबा निळीतून काढलेला पांढरा सदरा घालत आणि आम्हा तिघा भावंडांना पुढे घालून विहारात नेत. लेस्टरमधला ऑक्टोबर वेगळा. बेलग्रेव्ह रोडवर दिवाळीच्या कमानी चढतात, केमिस्टकडे फ्लूच्या इंजेक्शनची रांग लागते, आणि महिन्याच्या शेवटी घड्याळ तासभर मागे गेलं की चहाच्या वेळेलाच अंधारून येतं. बरीच वर्षं हे दोन ऑक्टोबर माझ्या डोक्यात वेगवेगळ्या कप्प्यांत राहिले. ते तसेच राहावेत अशी सोय मी स्वतःच करून ठेवली होती.

मी हॉस्पिटलच्या लॅबमध्ये रक्त तपासते. दिवसभर मायक्रोस्कोपला डोळा लावायचा, बोलायचं कमी. त्या वर्षी मुलगी नोकरीसाठी बेसिंगस्टोकला गेली आणि घर एकदम शांत झालं. अनिल, म्हणजे माझा नवरा, क्रिकेट बघताना मूळचाच मौनात असतो. अशात लॅबबाहेरच्या बोर्डावर एक कागद दिसला. गावातल्या छोट्या नाट्यगृहाला सात माणसं हवी होती, अट एकच, की त्यांनी याआधी कधी नाटकात काम केलेलं नसावं. एवढी सोपी अट मी आयुष्यात पाहिली नव्हती. नाव देऊन टाकलं.

घरी गेल्यावर दिग्दर्शिकेचं नाव इंटरनेटवर टाकलं आणि घाम फुटला. पोलंडची बाई. प्रत्येक बातमीत तिच्या नावाआधी ‘वादग्रस्त’ हा शब्द, आपल्याकडे नावाआधी सौभाग्यवती लावावं तसा. एका फोटोत नाट्यगृहाबाहेर बायका गुडघे टेकून हातात जपमाळा घेऊन बसलेल्या, दुसऱ्यात भिंतीवर अंडी फुटून ओघळलेली. "तू यांच्याकडे जाणार?" अनिलने खांद्यावरून डोकावून विचारलं. "बघून येते," मी म्हटलं.

नाट्यगृह पूर्वी मोज्यांचा कारखाना होतं. लेस्टरमध्ये असे कारखाने पुष्कळ होते, आता त्यांचे फ्लॅट झालेत किंवा जिम. हालिनाबाई आमच्या आधी येऊन खिडकीच्या दगडी कट्ट्यावर बसल्या होत्या. साठी उलटलेली, केस स्वतःच कापल्यासारखे, अंगात कुणा पुरुषाचं वाटावं असं ढगळ स्वेटर, आणि मांडीवर मिठाच्या पाण्यात आंबवलेल्या काकड्यांची बरणी. त्यांची आई सूतगिरणीत कामाला होती. गिरणीच्या खिडक्या सगळ्या देशांत सारख्याच असतात, कामगाराला आभाळ दिसेल पण रस्ता दिसणार नाही इतक्या उंचावर, असं त्यांनी आम्हाला पहिल्याच वाक्यात सांगितलं. त्यांचं इंग्रजी आणि माझं इंग्रजी, दोन्ही उसनंच. शिवाय इंग्रजीत तू आणि तुम्ही असला काही प्रश्न नसतो. पण आता मराठीत आठवताना त्या मला तू म्हणतात आणि मी त्यांना तुम्ही म्हणते, आणि तेच बरोबर वाटतं.

पहिल्या दिवशी त्यांनी आम्हा सातजणांना एकेक कोरा कागद दिला. रंगमंचावर जे कधीच करणार नाही, ते लिहा म्हणाल्या. ही त्यांची कामाची पद्धत. त्यांच्या नाटकाला आधी लिहिलेली संहिता नसते. तालमीत कोण कशाला नाही म्हणतं ते त्या बघत बसतात, आणि त्या नकाराभोवती नाटक उभं करतात. कॉलिन नावाच्या पोस्टमनने लिहिलं, गाणार नाही. मी फोटो बघून घाबरलेली होतेच, म्हणून ठळक अक्षरांत लिहिलं, कपडे काढणार नाही. हालिनाबाईंनी ते वाचलं, माझ्याकडे वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि विचारलं, "तुझे कपडे मागितलेत कुणी? खरं काहीतरी लिही." सगळे हसले. मीही हसले, पण दुसरं काही लिहिलं नाही.

तालमी संध्याकाळी सहाला. मी लॅबमधून सरळ जायची, पिशवीत पोळीभाजीचा डबा. हालिनाबाई काकडी देत, मी लोणचं देई, आणि आंबट कुणाचं जास्त यावर रोज वाद. त्या स्वतःबद्दल सांगत ते असं खाता खाताच. त्यांचं पहिलं नाटक आईच्याच बंद पडलेल्या गिरणीच्या कॅन्टीनमध्ये झालं, कामावरून काढलेल्या बायकांना घेऊन. मग मोठ्या शहरातलं मोठं नाट्यगृह मिळालं. तिथे त्यांनी देवळातल्या, म्हणजे चर्चमधल्या, माणसांनी आतल्या गैरप्रकारांवर गप्प बसण्यावर नाटक केलं आणि बाहेर त्या जपमाळा आल्या. काही वर्षांनी वरची माणसं बदलली आणि तीन ओळींच्या पत्राने त्यांची नेमणूक संपली. मग जर्मनी, मग आणखी कुठे कुठे, आणि आता इथे. लोक भाषांतर करून त्यांना ‘चिथावणीखोर’ म्हणतात याचा त्यांना फार कंटाळा होता. "मी कुणाला चिथावते?" त्या काकडी चावत विचारत. "मी फक्त विचारते. राग त्यांचा त्यांनी घरून आणलेला असतो." हे म्हणताना चेहरा इतका निरागस करत की त्यांना चिथावणी किती प्रिय आहे ते लपत नसे.

दुसऱ्या आठवड्यात ती गोष्ट घडली. माझ्या हातातून कागद निसटून जमिनीवर पडला. साधा कागद, कुणी कुठून यायचं ते लिहिलेला. मी वाकणार, तेवढ्यात हालिनाबाई खोलीच्या त्या टोकावरून ओरडल्या, "पाय दे! पाय दे त्याच्यावर!" का ओरडल्या ते मला माहीत होतं. पोलंडमधल्या नाटकवाल्यांची रीत अशी, की तालमीत कागद हातातून पडला तर आधी त्याच्यावर पाय द्यायचा, दाबायचा, आणि मगच उचलायचा. नाहीतर नाटक पडतं. तोपर्यंत सगळ्यांना ती सवय झाली होती. कॉलिन तर स्वतःचा कागद मुद्दाम पाडून त्याच्यावर नाचायचा. मी मात्र खाली बसले, कागद दोन्ही हातांनी उचलला आणि कपाळाला लावला. विचार करून नव्हे. हात आपोआप गेले.

"पाय दे," हालिनाबाई जवळ येऊन म्हणाल्या. 

"नाही."

"ही गंमत आहे. सगळे करतात."

"मी करणार नाही. तुमचं नाटक पडलं तरी चालेल."

मला वाटलं, आता हाकलतात. बाईंनी एक स्टूल ओढलं, माझ्यासमोर बसल्या आणि म्हणाल्या, "हे तू पहिल्या दिवशी का नाही लिहिलंस? सांग आता."

आपल्याकडे कागदाला पाय लागला की कुणीही पाया पडतं, त्यात विशेष काही नाही, तेवढंच सांगून मला सुटता आलं असतं. पण मी बाबांची गोष्ट सांगितली. का सांगितली कोण जाणे. कदाचित ऐकणाऱ्यांत मराठी कुणी नव्हतं म्हणून. बाबा लहान असताना गावच्या शाळेत त्यांना वर्गात नाही, ओसरीवर बसवत. गणित सोडवलं की पाटी जमिनीवर ठेवून पाच पावलं मागे सरकायचं. मग गुरुजी दारापर्यंत येऊन ती वाकून, हात न लावता तपासत आणि पायाच्या अंगठ्याने परत सरकवत. गणित बरोबर असलं तरी अंगठ्याने, चुकलं तरी अंगठ्याने. पुढे बाबा तालुक्याच्या शाळेत शिपाई झाले. छापलेला कागद जमिनीवर पडलेला त्यांना खपत नसे. भेळेचा कागदसुद्धा ते मांडीवर सरळ करून वाचत आणि मग घडी घालून ठेवत. आमच्या घरात मारामारी चालायची, आरडाओरडा चालायचा, पण पुस्तकाला पाय लागला तर बाबा दिवसभर बोलत नसत.

मी बोलायची थांबले तेव्हा कॉलिन जमिनीवरचे कागद गोळा करत होता. हालिनाबाई म्हणाल्या, "हे तुझं काम. चार मिनिटं. असंच, उभं राहून."

आणि तेव्हा मला खरी भीती वाटली.

ती समजायला माझी सोय समजायला हवी. अनिलचं आडनाव जाधव. जाधव कोणीही असू शकतात. आम्ही लेस्टरला आलो तेव्हा पहिल्याच गणपतीला कुणीतरी म्हणालं, "जाधव म्हणजे मराठा ना? साताऱ्याकडचे?" अनिल नुसता हसला. मीही हसले. त्या हसण्यावर आम्ही अठरा वर्षं काढली. बुद्धाची मूर्ती हॉलमध्ये होती, पण ती इथे कुठल्याही गार्डन सेंटरमध्ये मिळते, शेजारच्या मार्गारेटच्या बागेत आमच्यापेक्षा मोठी आहे. दुसरा फोटो, चष्म्याचा, निळ्या कोटातला, तो वरच्या बेडरूममध्ये, कपाटाच्या बाजूला. पाहुणे वर जात नाहीत. स्लाऊला, बर्मिंगहॅमला आपली माणसं आहेत, उघडपणे जयंत्या करतात, हक्कांसाठी भांडतात. मी एकदोनदा तिकडे गेलेही, पण ते दूर होतं म्हणून. जवळ, जिथे राहायचं, तिथे गप्प. मला कुणी भाग पाडलं नव्हतं. ती माझी भित्री सोय होती आणि मला तिची लाज वाटत असे.

आणि वैदेही होती. डॉक्टर वैदेही, पुण्याची, आमच्या इथल्या मराठी मंडळाची सगळी धावपळ करणारी. माझी मैत्रीण. अनिलची बायपास झाली तेव्हा तीन आठवडे तिने रोज डबा पाठवला, पाठवला म्हणजे स्वतः गाडी चालवत आणून दिला, स्वतःचा दवाखाना सांभाळून. माझ्या मुलीला तिने पोहायला शिकवलं. तिच्या स्वयंपाकघरात मसाल्याचा डबा कुठे असतो हे मला न बघता सांगता येतं. तिच्याकडच्या हळदीकुंकवाला मी सतरा वेळा गेले आहे, आणि सतराही वेळा ओटी घेताना पोटात एक बारीक गोळा आला आहे, की हिला कळलं तर. चार मिनिटांत मी तिला गमावणार होते. रंगमंचावरून पडायची भीती मला कधी वाटली नाही, भीती होती ती एवढीच.

मी हालिनाबाईंना होही म्हटलं नाही आणि नाहीही. तालमीला जात राहिले. संध्याकाळी कारखान्यातून बाहेर पडलं की पानांचा ओला चिखल बुटांना चिकटे, आणि मी बसस्टॉपपर्यंत ती चार मिनिटं पुटपुटत जाई. बाबांचा आवाज मला वीस वर्षांत इतका स्पष्ट ऐकू आला नव्हता. आता कधी त्या रस्त्याने गेले तर ओठ आपोआप हलायला लागतात, आणि समोरून येणारी माणसं बाजूला सरतात.

एके शनिवारी सकाळी वैदेही आली. हातात कागद. नाटकात ‘जातीवर काहीतरी’ आहे असं मंडळात कुणाच्या तरी कानावर गेलं होतं, आणि नाट्यगृहाला पत्र द्यायचं ठरलं होतं. पत्र तिने लिहिलं होतं.

"बघ ना जरा," ती किचनच्या टेबलाशी बसत म्हणाली. "ड्राफ्ट आहे. ग्रामर तू चेक कर, तू त्याच्यात पर्टिक्युलर आहेस."

मी वाचलं. पत्र अगदी सभ्य होतं. आमच्या समाजात या देशात अशा गोष्टी उरलेल्या नाहीत, सबब तो प्रवेश वगळावा, अशी विनंती होती.

"कुणाचा सीन आहे, माहीत आहे का तुला?" मी विचारलं.

"डझंट मॅटर गं. असेल कुणीतरी. पॉइंट असा आहे की इथे आपण सगळे एक आहोत. मुलांना कास्ट म्हणजे काय हेसुद्धा माहीत नाही. मग हे उकरून काढायचं कशाला? उद्या शाळेत गोरी मुलं विचारतील, तू हाय कास्ट का लो कास्ट. हू नीड्स इट?"

"मुलांना नसेल माहीत. आपल्याला आहे ना?"

"सुनंदा, प्लीज." तिने पेन माझ्यापुढे सरकवलं. "तू नाटकात आहेस. तुझी सही असली तर ते सीरियसली घेतील. फॉर एव्हरीवन्स सेक."

चहा उकळून वर आला होता. मी उठून गॅस बंद केला, दोन कप भरले, आणि पाठ तिच्याकडे असतानाच म्हटलं, "मी सही करणार नाही, वैदेही."

"का?"

"नाही करणार."

मग तिने कागद पर्समध्ये ठेवला, चहा पूर्ण प्यायला, कपही विसळून ठेवला, आणि "बरं" म्हणून गेली. मी त्या विसळलेल्या कपाकडे बघत किती वेळ उभी होते कोण जाणे. खरं कारण सांगायचं सोडून मी नुसता नकार दिला होता. पण तोही अठरा वर्षांतला पहिलाच होता.

पत्र पोचलं. नाट्यगृहाचा व्यवस्थापक गॅरेथ, अतिशय सज्जन माणूस, तालमीच्या खोलीत येऊन म्हणाला की तो पूर्णपणे आमच्या पाठीशी आहे. मग म्हणाला, "आय वंडर इफ". या देशात इतकी वर्षं राहून मला एवढं कळलंय की साहेबाने आय वंडर म्हटलं की निर्णय झालेला असतो. तो प्रवेश जरा मोघम करता येईल का, देशाचं नाव न घेता, जातीचं नाव न घेता, असं त्याचं म्हणणं होतं. हालिनाबाईंनी त्याला एक काकडी दिली. तो हातात धरून उभा राहिला.

"मी एकदा कापलं आहे," त्या म्हणाल्या. "ऐक."

ती गोष्ट त्यांनी आम्हाला कधी सांगितली नव्हती. गिरणीतल्या बायकांचं ते पहिलं नाटक. त्यात इरेना नावाची एक बाई होती, कातणारी. मुकादमाने तिच्याशी काय केलं ते ती चार मिनिटं सांगत असे. मुकादमाचं घराणं गावात वजनदार. निरोप आला की तेवढं काढा, बाकी नाटक होऊ द्या. बाई तरुण होत्या, पहिलंच नाटक, बाकीच्या अकरा बायकांचे चेहरे समोर. त्यांनी काढलं. नाटक गाजलं, देशभर फिरलं, त्यांचं नाव झालं. इरेना शेवटच्या प्रयोगापर्यंत वेळेवर येत होती, गर्दीतलं उरलेलं काम करत होती, आणि हालिनाबाईंशी एक शब्द बोलत नव्हती. कधीच बोलली नाही. "माझं सगळं करिअर त्या चार मिनिटांवर उभं आहे," बाई म्हणाल्या. "त्यानंतर मी एक वाक्य कापलेलं नाही. म्हणून मला सगळीकडून काढलं. इथूनही काढ."

गॅरेथ बिचारा काकडी खाऊ लागला. खाऊन झाल्यावर म्हणाला, सुनंदाची खात्री असेल तर ठीक आहे. सगळे माझ्याकडे वळले.

"ते तुझं आहे," हालिनाबाई मला म्हणाल्या. "तो कापणार नाही, मी कापणार नाही. कापायचं तर तू काप, मी तुला काही म्हणणार नाही." मला तेव्हा त्यांचा फार राग आला. त्यांनी जबरदस्ती केली असती तर दोष द्यायला कुणीतरी मिळालं असतं.

त्या रविवारी घड्याळं मागे गेली. सकाळी एक तास फुकटचा मिळाला होता आणि मला झोप येईना. मी बेडरूममधला तो फोटो काढला, फडक्याने पुसला, खाली आणला आणि हॉलच्या भिंतीवर, दारातून शिरल्या शिरल्या दिसेल अशा जागी धरून बघू लागले. अनिल जिन्यावर येऊन उभा राहिला. मला वाटलं, आता वाद होणार. आडनाव त्याचं होतं, हसला पहिल्यांदा तो होता.

"खिळा मी ठोकतो," तो म्हणाला. "तू वाकडा ठोकतेस."

ठोकून झाल्यावर हातोडी खाली ठेवत म्हणाला, "मी येईन नाटकाला. पण पहिल्या रांगेत नाही बसणार हं." मी म्हटलं, मागच्या रांगेत बस, पण ये. मुलीला फोन केला. तिला मी आमच्याबद्दल तुकड्या-तुकड्यांनीच सांगितलं होतं, ते त्या दिवशी सलग सांगितलं. ती ऐकून तिच्या मोडक्या मराठीत म्हणाली, "आई, एवढा मोठा गोष्ट तू एकटी ठेवली?" आणि रडायला लागली. मीही रडले, मग दोघींनी नाक पुसून तिकिटांचं ठरवलं.

त्यानंतरच्या शनिवारी, दुपारी अडीच वाजता, पहिला प्रयोग. हालिनाबाईंचे पहिले प्रयोग नेहमी दुपारी असतात. प्रेक्षागृहातले दिवेही त्या बंद करू देत नाहीत. माझ्या चार मिनिटांबद्दल त्यांची एकच सूचना होती. मुख्य ओळ आधी मराठीत म्हणायची, थांबायचं, आणि मग इंग्रजीत. "ज्यांना कळायला हवं त्यांना आधी कळू दे," त्या म्हणाल्या होत्या.

वैदेही पाचव्या रांगेत होती, मंडळातल्या सात-आठ जणांबरोबर, जांभळा कोट घालून. मी बाबांची पाटी सांगितली, अंगठा सांगितला. मग म्हटलं, "माझे वडील महार होते. आम्ही बौद्ध आहोत. अठरा वर्षं या गावात मी हे कुणाला सांगितलं नाही." आणि थांबले. शंभरेक माणसांत त्या क्षणी फक्त दहा-बाराजणांना कळलं होतं. बाकीचे माझ्याकडे सौजन्याने बघत होते. आवाज बाबांचा लागला होता, सरळ. मग मी इंग्रजीत म्हटलं आणि बाकीचा प्रयोग कसा झाला मला आठवत नाही.

बाहेर लॉबीत वैदेही चहाचा कागदी कप घेऊन उभी होती. बाकीची मंडळी गेली होती. ती पुढे आली आणि तिने मला मिठी मारली. मी इतकी सैल पडले की कोटाच्या लोकरीत तोंड खुपसून उभी राहिले. वाटलं, उगाच घाबरले मी इतकी वर्षं. 

"छान बोललीस," ती म्हणाली. मग हळूच, "मला माहीत होतं गं."

"काय?"

"हेच. फर्स्ट इयरपासून. सगळ्यांनाच माहीत होतं. आपल्याला कळतंच ना."

मी तिच्यापासून बाजूला झाले. "मग विचारलं का नाहीस कधी?"

"तुला ऑकवर्ड नको व्हायला म्हणून. आम्ही कधी तुला जाणवू दिलं का काही? सांग."

"आणि ते पत्र?"

"तुझ्यासाठीच लिहिलं होतं, सुनंदा. तुला प्रोटेक्ट करायला. म्हणून तर तुझ्याकडेच घेऊन आले."

"कशापासून प्रोटेक्ट करत होतीस?"

तिचे डोळे भरले होते आणि ते खोटे नव्हते, मी तिला ओळखते. तिला खरंच वाटत होतं की अठरा वर्षं तिने माझ्यावर माया केली. केलीच होती. तिने डबा आणला तेव्हा तिला माहीत होतं, ओटी भरली तेव्हा माहीत होतं. मी पोटात गोळा घेऊन बसायचे, आणि भोवतालच्या बायका माझा गोळा सांभाळून घ्यायच्या. मी ज्याला माझं गुपित समजत होते ते त्यांचं सौजन्य होतं. मला इतका राग आला की कान तापले. तिच्यावर आला, माझ्यावर त्याहून जास्त. मी म्हटलं, "वैदेही, मला आता जाऊ दे," आणि आत गेले.

आत हालिनाबाई वहीत सूचना लिहीत होत्या. माझ्यासाठी त्यांनी लिहिलं होतं की दुसरी ओळ थोडी जलद घे. मी म्हटलं, जलद घेणार नाही, ती ओळ मी बदलणार आहे. कशी, ते सांगितलं. का, तेही सांगितलं. मग वहीतली ती सूचना त्यांनी काट मारून खोडली आणि एवढंच म्हणाल्या, "हे मला सुचलं नसतं."

त्या आता त्यांच्याच देशात आहेत, समुद्राकाठच्या एका गावात, मासे डब्यात भरणाऱ्या बायकांबरोबर. गेल्या आठवड्यात निरोप आला, तक्रारीची चार पत्रं आली, तालीम चांगली चालली आहे. साठी उलटलेल्या माणसाने आता घरी बसावं असं त्यांना कुणी सांगत असेल तर त्यालाही त्या काकडीच देत असतील. मला त्यांचा हा हट्टीपणा फार आवडतो आणि थोडा माझ्यातही उतरलाय असं अनिल म्हणतो, तक्रारीच्या सुरात.

मला आठवतो तो पहिल्या प्रयोगानंतरचा बुधवार. पुन्हा दुपारचा प्रयोग, बाहेर पाऊस, अर्ध्या खुर्च्या रिकाम्या. दिवे चालू होते म्हणून मला शिरल्याबरोबर दिसलं. वैदेही एकटीच आली होती. तिसऱ्या रांगेत, कडेच्या खुर्चीवर. येणार असं ती बोलली नव्हती आणि मी बोलावलं नव्हतं. चार दिवसांत आमचा एक फोन झाला नव्हता.

मी बाबांची पाटी सांगितली. अंगठा सांगितला. माझे वडील महार होते, आम्ही बौद्ध आहोत, हे म्हटलं. मग तिच्याकडे बघून, मराठीत, नवी ओळ म्हटली, "अठरा वर्षं मी हे तुम्हाला सांगितलं नाही. आणि तुम्हाला ते पहिल्या वर्षापासून माहीत होतं."

आणि थांबले. नेहमीपेक्षा जास्त थांबले. दार तिच्यापासून चार पावलांवर होतं, तिला उठायचं असेल तर उठता यावं एवढा वेळ मी दिला. तिने मांडीवरची पर्स दोन्ही हातांनी घट्ट धरली होती. ती खाली बघत नव्हती. ती उठली नाही. मग मी तीच ओळ इंग्रजीत म्हटली, बाकीच्या सगळ्यांसाठी.